कट म्हणायचं राहिलं

यातला शब्दन् शब्द खरा आहे. मध्येमध्ये विनोद दिसतील, तेवढे माझे. मला भीती वाटली की विनोद होतात. लहानपणी इंजेक्शन घेतानाही मी डॉक्टरांना हसवायचो.

डिसेंबर २००४. अमेरिका, मिशिगन राज्य. आम्ही शिकायचो त्या ॲन आर्बरपासून गाडीने तीन-साडेतीन तासांवर नॉरलुंड नावाचं गाव आहे. नकाशात शोधू नका, नाव मी बदललंय. तिथल्या एका आजींना तसा शब्द दिलाय.

वेळ मध्यरात्रीची वगैरे नव्हती. संध्याकाळ होती. पण तिकडे डिसेंबरात पाचलाच काळोख पडतो, त्यामुळे ज्यांना काळोख लागतो त्यांची सोय होते.

आम्ही तिघं होतो.

आश्लेषा नागपूरची. युनिव्हर्सिटीत फिल्म शिकायची. शेवटच्या वर्षासाठी ती एक डॉक्युमेंटरी करत होती. डेन्मार्कहून शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी आलेल्या शेतकऱ्यांनी मिशिगनमध्ये आपल्या देशासारख्या इमारती बांधल्या, त्यांच्यावर.

नागपूरच्या मुलीने डेन्मार्कच्या इमारतींवर फिल्म का करावी? सगळे विचारायचे.

ती म्हणायची, "घर सोडून आलेली माणसं सगळ्यात आधी काय बांधतात, ते बघायचंय मला."

 अमेरिकेत येऊन आम्ही सगळ्यात आधी बांधलं होतं ते एक स्वस्तातलं बुकशेल्फ. तेही उलटं.

दुसरा जगन्नाथ. कोल्हापूरचा, केमिस्ट्रीत पीएचडी करणारा. गाडी त्याची होती, म्हणून तो कॅमेरामन.

तिसरा मी, ईशान. माझं संशोधन गाडीच्या दारावर होतं. दार लावल्यावर फक्त 'धप' व्हायला नको, महागडा 'धप' व्हायला हवा. त्यासाठी लोक पैसे देतात, आणि त्यावर लोक पीएचडी करतात. त्यामुळे माझ्याकडे उत्तम माइक होता, उत्तम हेडफोन होते आणि मी साउंडमन होतो.

आणखी एक माणूस या गोष्टीत आहे. आश्लेषाची आई. मीनाक्षीकाकू.

काकूंची नजर डायबेटीसने गेली होती. जवळजवळ पूर्णच. फोटो पाठवून उपयोग नाही, ईमेल करून उपयोग नाही. दर रविवारी आश्लेषा कॉलिंग कार्ड खरवडायची, तो लांबलचक नंबर दाबायची आणि कार्ड संपेपर्यंत बोलत बसायची. काय जेवली, कुठला स्वेटर घातला, बर्फाचा रंग आज कसा आहे...

काकूंसाठी मुलगी म्हणजे तो आवाज. बाकी काही त्यांच्यापर्यंत पोचतच नव्हतं.

तर, नॉरलुंड.

सकाळी आम्ही तिथली जुनी डेअरी शूट केली. डेन्मार्कच्या शेतकऱ्यांनी इथे येऊन सहकारी डेअरी काढली होती. हे ऐकून जगन्नाथला भरून आलं. "आपलीच माणसं रे," म्हणाला आणि विटांच्या भिंतीवरून हात फिरवत बसला.

दुपारी मिसेस स्कोव्ह यांच्याकडे गेलो. ऐंशीच्या पुढच्या आजी. चर्चची किल्ली त्यांच्याकडे असायची. त्यांनी आम्हाला एक डॅनिश पदार्थ खाऊ घातला. गोल, आतून मऊ, खळगे असलेल्या बिडाच्या तव्यात केलेला.

जगन्नाथने तवा उचलून उलटा-पालटा केला. "मॅडम, हे आप्पेपात्र आहे."

"आमच्या आजीचं आहे," मिसेस स्कोव्ह म्हणाल्या.

"सगळ्यांच्याच आजीचं असतं," जगन्नाथ म्हणाला आणि सातवा आप्पा उचलला.

उजेड कमी व्हायला लागल्यावर आम्ही चर्चमध्ये गेलो.

पांढरं चर्च. दर्शनी भिंत वर जाताना जिन्यासारखी पायऱ्यापायऱ्यांनी निमुळती होणारी. डेन्मार्कात म्हणे गावोगावी अशी असतात. आत शिरण्याआधी एक छोटी खोली. जुन्या काळी तिकडचे पुरुष चर्चला येताना तलवारी अशा खोलीत ठेवून मग आत जायचे.

आम्ही बूट ठेवले.

"बूट का काढताय?" मिसेस स्कोव्हनी विचारलं.

काय सांगणार? देवाच्या दारात हात आपोआप लेसकडे जातात. फरशी बर्फासारखी होती. आम्ही मोज्यांवर आत गेलो, आणि त्या कॉफी आणायला घरी गेल्या.

आत दोन्ही बाजूंना लाकडी बाक. पूर्वी डावीकडे बायका बसायच्या, उजवीकडे पुरुष. आता सगळं मिळून नऊ माणसं उरलीत, कोणीही कुठेही बसतं.

आणि छताला टांगलेलं एक जहाज. शिडं, दोर, सगळं असलेलं, हातभर लांबीचं. समुद्रावर गेलेल्या माणसांसाठी टांगतात. त्याचं तोंड वेदीकडे होतं.

शूटिंग मस्त झालं. जहाज, खिडक्या, बाकांवरची कोरीव फुलं. मग आश्लेषा म्हणाली, "रूम टोन घेऊ आणि निघू."

रूम टोन म्हणजे त्या खोलीची शांतता. प्रत्येक खोलीची वेगळी असते. शूटिंग संपलं की सगळ्यांनी एक मिनिट गप्प उभं राहायचं आणि ती शांतता रेकॉर्ड करायची. नंतर एडिटिंगमध्ये आवाजाला भोकं पडतात, तिथे ठिगळ म्हणून लावायला. जगात शांतता विकत मिळत नाही, त्यामुळे ती जागेवरच भरून आणावी लागते.

आश्लेषा डावीकडच्या पहिल्या बाकावर बसली. मी हेडफोन लावले.

"साउंड?"

"रोलिंग."

ती इंग्लिशमध्ये म्हणाली, "नॉरलुंड चर्च, रूम टोन. प्लीज, एव्हरीबडी... मी कट म्हणेपर्यंत कुणीही आवाज करायचा नाही."

एव्हरीबडी म्हणजे आम्ही दोघं. तिची सवय होती.

शांतता सुरू झाली.

हेडफोनमध्ये आधी नेहमीचंच सगळं. हीटरची टिकटिक. खिडकीच्या फटीतला वारा. जगन्नाथच्या पोटात आप्प्यांची चाललेली चर्चा.

मग हीटर थांबला.

ठीक आहे. हीटर थांबतात.

मग वारा थांबला...

खिडकीबाहेर झाड हलत होतं. जोरात हलत होतं. आवाज मात्र नव्हता.

मग जगन्नाथचं पोट थांबलं. मग माझा स्वतःचा श्वास...

माझ्या लॅबमध्ये एक खोली आहे, भिंतींना फोम लावलेली. तिथे आवाज मरतो. मी तिथे तासन् तास बसलोय. मेलेली शांतता मला ओळखीची आहे.

ही तशी नव्हती.

शाळेत बाई वर्गाला म्हणतात, "एकदम चूप!" आणि साठ पोरं गाल फुगवून बसतात. ती शांतता आठवते? ही तशी होती. भरलेली. कुणीतरी... खूप जणांनी... आवाज दाबून धरलेला.

हेडफोनमध्ये डावीकडे एक बाक हळूच करकरला.

लगेच कुणीतरी त्याला दटावलं.

"श्श..."

मी आश्लेषाकडे पाहिलं. ती हलली नव्हती. तिच्या मागचे बाक रिकामे होते.

जगन्नाथच्या हातून लेन्सचं झाकण पडलं. धातूचं झाकण, दगडी फरशी. ते पडलं, उडालं, गोल फिरलं आणि आडवं झालं.

आवाज झाला नाही.

अजिबात नाही.

जगन्नाथने झाकणाकडे पाहिलं. माझ्याकडे पाहिलं. मग वर बघून त्याचं तोंड उघडंच राहिलं.

जहाज वळत होतं. सावकाश. वेदीकडे असलेलं तोंड... आमच्याकडे.

आम्ही पळालो.

भूत बघितलं की माणूस पळत सुटतो. आपला माणूस आधी बूट शोधतो. त्या तलवारीच्या खोलीत आम्ही तिघं एकमेकांवर आपटत होतो. जगन्नाथने माझा एक आणि स्वतःचा एक असे बूट घातले आणि गाडीपर्यंत लंगडत गेला.

दार लागलं. 'धप' झालं. इतका सुंदर आवाज मी आयुष्यात ऐकला नव्हता.

"च्यायला! च्यायला! च्यायला!" जगन्नाथ एवढंच म्हणत होता.

"आश्लेषा, तू ऐकलंस ना?" मी मागे वळलो.

तिने तोंड उघडलं. ओठ हलले.

काहीच आलं नाही.

डॉक्टरांनी घशात टॉर्च मारला. सगळं ठीक आहे म्हणाले. थंडी असेल, ताण असेल, गरम पाणी प्या. आठवडा गेला. आश्लेषा कुजबुजूही शकत नव्हती. खोकला आला तरी नुसता धक्का बसायचा, आवाज यायचा नाही.

ती वहीवर एकच वाक्य पुन्हा पुन्हा लिहायची. 'आईला काय सांगू?'

रविवारी फोन मी केला.

"काकू, मी ईशान. आश्लेषाचा घसा बसलाय जरा."

"अगं बाई. किती बसलाय? दे तिला, 'आई' तरी म्हणू दे."

"डॉक्टरांनी बोलायचंच नाही सांगितलंय."

"बरं. पण ती तिथेच आहे ना रे?"

"शेजारीच बसलीय."

आश्लेषाने रिसीव्हर ओढून घेतला आणि त्याच्यावर बोटाने टकटक केलं. पलीकडे काकूंनी ऐकलं. मग म्हणाल्या, "हे कुणीही करेल."

त्याच्या पुढच्या रविवारी काकू मला सरळ म्हणाल्या, "ईशान, खरं सांग. माझी पोरगी जिवंत आहे का?"

विनोद सुचला नाही. तेव्हा मला कळलं, आता भीतीच्याही पुढे गेलोय.

त्याच आठवड्यात मिसेस स्कोव्हंचा फोन आला. 

"तुम्ही मुलांनी चर्चमध्ये काय केलंत?"

"काय झालं?"

"गेल्या दोन्ही रविवारी आम्ही नऊ जणांनी भजन म्हटलं. तोंडं हलली. आवाज आला नाही. ऑर्गनमध्ये हवा भरते, पट्ट्या दबतात, सूर नाही. बाहेर आलं की सगळे नीट बोलतात. ख्रिसमस जवळ आलाय. पाद्री म्हणतात वायरिंग बघून घ्या. भजनाला कसलं वायरिंग?"

फोन ठेवून मी जगन्नाथला सगळं सांगितलं. तो आमच्या किचनमध्ये चहा उकळत होता. चहा उतू गेला तरी त्याने गॅस बंद केला नाही.

"ईशान," तो म्हणाला, "आपण कट कुठे म्हटलं?"

"काय?"

"ती म्हणाली, एव्हरीबडी, मी कट म्हणेपर्यंत कुणी आवाज करायचा नाही. आणि आपण पळालो यार. ते बिचारे अजून गप्प बसलेत."

"'ते' कोण?"

"मला नाही माहीत. पण शिस्तीचे लोक आहेत."

आश्लेषा दारात उभी होती. तिने हळूच स्वतःच्या गळ्याला हात लावला.

पुढचा प्रॉब्लेम लक्षात आला का? कट म्हणायचा अधिकार डिरेक्टरचा. आणि डिरेक्टरला आवाज नाही.

आम्ही तरी गेलो. शनिवारची दुपार, रस्त्याच्या दोन्ही बाजूंना गुडघाभर बर्फ. मिसेस स्कोव्ह किल्ली घेऊन थांबल्या होत्या. आत यायला तयार नव्हत्या.

आत पाऊल टाकलं आणि कानात कापूस कोंबल्यासारखं झालं.

जहाजाचं तोंड अजून दाराकडेच होतं.

जगन्नाथ पुढे झाला, छाती भरून घेतली आणि ओरडला. म्हणजे ओरडला असणार. मानेच्या शिरा दिसल्या. मी ओरडलो. माझा घसा खरवडला, कानाला काही आलं नाही. मग जगन्नाथने हातांनी कात्रीची खूण करून दाखवली. डावीकडच्या बाकांना एकदा, उजवीकडच्या बाकांना एकदा. रिकाम्या चर्चमध्ये एक कोल्हापूरचा केमिस्ट कात्री चालवतोय. इतर कुठल्याही दिवशी मी हसून मेलो असतो.

मी माइक लावला, हेडफोन कानाला लावले.

ते होते.

तसेच. गच्च. पण आता त्या शांततेत एक थरथर होती. श्वास फार वेळ धरला की छाती थरथरते ना... तशी. आणि त्यात एक थरथर अगदी जवळ. डावीकडे. पहिल्या बाकाच्या उंचीवर.

तेव्हा मला डेअरी आठवली.

डेअरीतला रूम टोन माझ्याकडे मिनीडिस्कवर, म्हणजे रेकॉर्डरच्या छोट्या डिस्कवर होता. आणि प्रत्येक रूम टोनच्या शेवटी तिचं एक वाक्य असायचंच. तिच्या आवाजात.

पण ऐकवायचं कसं? इथे आवाज निघतच नव्हता. मग वाटलं, त्यांचं मला ऐकू येतं ते हेडफोनमधून. म्हणजे रस्ता एकच आहे. उलटा चालतो का ते बघू.

मी डिस्क बदलली. हेडफोन काढले आणि डावीकडच्या पहिल्या बाकावर ठेवले. कुणी बसलं असेल तर कान असतील, त्या बेताने. इंजिनीअरिंगच्या चार वर्षांत हे कुणी शिकवत नाही.

प्ले दाबलं.

मशीनवरची आवाजाची पातळी दाखवणारी काडी हलली. तिचं वाक्य असं आहे, मला पाठ आहे: "ओके. थँक यू, एव्हरीबडी. अँड... कट."

काडी खाली बसली.

क्षणभर काहीच नाही.

मग सगळ्या चर्चने श्वास सोडला.

हेडफोनमध्ये नाही. खोलीत. माझ्या केसांना लागला तो. एकाच वेळी चाळीस-पन्नास माणसं... हुश्श. बाक करकरले. कुणी खाकरलं. कापडं सळसळली. आणि मग हीटर, वारा, आणि जगन्नाथ एकदम, वाक्याच्या मध्येच, टिपेच्या आवाजात, "...ट म्हणतोय ना केव्हाचा, ऐकू येत नाही का भाड्यांनो!"

तो स्वतःच दचकला. मग डोळे मिटून दोन्ही बाजूंच्या बाकांना नमस्कार केला. "सॉरी. तुम्हाला नाही."

"झालं?" आश्लेषाचा आवाज आला.

तिचाच. खणखणीत. जगन्नाथने तिला मिठी मारली. बाहेरून मिसेस स्कोव्ह आल्या आणि रडत रडत डॅनिशमध्ये काहीतरी गायला लागल्या. सूर ऐकू येत होता. सगळं ठीक झालं होतं.

फक्त एक गोष्ट. तेव्हा मी कुणाला बोललो नाही.

आश्लेषा माझ्या उजवीकडे, दाराजवळ उभी होती. "झालं?" हे डावीकडून आलं होतं.

एको असेल, म्हणालो. चर्चमध्ये एको होतो.

ॲन आर्बरला पोचल्या पोचल्या तिने कार्ड खरवडलं. नागपुरात सकाळ होती. तिने स्पीकर लावला. हसत होती, डोळे पुसत होती.

"आई! मी! आला बघ आवाज!"

तिने स्पीकरचा आवाज वाढवला.

"आई? ऐकू येतंय ना?"

"येतंय," काकू म्हणाल्या. "कोण बोलतंय?"

"अगं, मी. आशू."

"आशूला फोन दे."

"आई, काय हे! मीच आहे. विचार काय विचारायचं ते. तुझ्या कपाटाची किल्ली पिठाच्या डब्यात असते. बाबांनी तुला मांजर आणलं होतं, त्याचं नाव मॅनेजर होतं."

 मग काकू एकदम हळू, जणू पलीकडच्या बाईला ऐकू जाऊ नये म्हणून:

"ईशान, तू आहेस ना तिथे? ही कोण आहे रे? हिला आमच्या घरातलं सगळं माहितीय."

फिल्म पूर्ण झाली. आश्लेषाला चांगले ग्रेड मिळाले. मागच्या वर्षी, म्हणजे २००७ मध्ये, आमचं लग्न झालं. आता फ्रीमाँटला असतो, अमेरिकेतच. नोकरी गाडीच्या दारांचीच आहे. जगन्नाथ कधीकधी येतो. ती किचनमधून बोलायला लागली की तो गॅलरीत जाऊन उभा राहतो. सिगारेट ओढत नाही, नुसताच उभा राहतो.

लग्नासाठी नागपूरला गेलो तेव्हा काकूंनी तिला जवळ ओढलं. दोन्ही हातांनी तिचा चेहरा चाचपला. कपाळ, नाक, हनुवटीवरचा तीळ. रडल्या. "माझी आशू," म्हणाल्या.

"आई," आश्लेषा म्हणाली.

काकूंनी हात काढून घेतले.

अजूनही तेच आहे. हात लावला की ओळखतात. बोलली की हात काढून घेतात.

परतायच्या आदल्या दिवशी मी त्यांच्याशेजारी बसलो. सगळं शांतपणे समजावून सांगितलं. म्हटलं, काकू, हे माझं कामच आहे. मी तिचं आधीचं आणि नंतरचं रेकॉर्डिंग मशीनवर तपासलंय. पट्टी तीच, लकब तीच, 'स' म्हणतानाची शिट्टीसुद्धा तीच. आवाज तिचाच आहे, माझ्यावर विश्वास ठेवा.

त्यांनी माझ्या हातावर थोपटलं.

"आवाज तिचाच आहे रे राजा," त्या म्हणाल्या. "तो मला तुझ्या मशीनच्या आधीपासून माहितीय. पण त्या आवाजात बोलतंय कोण?"

आत्ता हे लिहिताना आतून मला जेवायला हाक आलीय. दुसऱ्यांदा.

जायला हवं.